मारेनच्या अंघोळीसाठी ओटा

कुणालाही वाकडा शब्द न बोलता, कुणाचंही मन न दुखवता स्वयंपाकघराचा अख्खा ओटा बदलून दाखवीन, अशी मी सगळ्या गल्लीला ग्वाही दिली होती. शेजारच्या बाईंनी ओटा बसवून घेताना कामगारांवर असा आवाज चढवला होता, की त्यांच्या छपरावरचं बर्फ धाडकन खाली आलं! मी म्हटलं, छे, ही काय रीत झाली? आपण या बर्फाळ दुलुथ गावची माणसं. आल्यागेल्याला गरम कॉफी द्यावी, लेमन बारचा, म्हणजे लिंबाच्या गोड वडीचा, तुकडा द्यावा, थंडीबद्दल दोन शब्द बोलावेत. कामं अशीच होतात!

ओटा हवा होता सिंकसाठी आणि सिंक हवं होतं मारेनसाठी. मारेन म्हणजे आमची लेक. तेव्हा ती पावाच्या लादीएवढी होती, आणि अंघोळीनंतर वासही तसाच, नुकत्याच भाजलेल्या पावासारखा. खिडकीखाली एकच मोठं, खोल सिंक. बाहेर बर्फ, आत कोमट पाणी, पाण्यात मारेन आणि तिच्या मानेखाली माझा हात. बस, एवढंच मागणं होतं माझं! माझ्या आईनं मला असंच न्हाऊ घातलं होतं. आमच्या जुन्या सिंकच्या मधोमध मात्र भिंत. त्यात मारेनला ठेवायचं म्हणजे डोकं एका घरात आणि पाय शेजाऱ्याकडे!

"कशाला एवढा खटाटोप?" माझी सासू अर्लीस म्हणाली. ती समोरच्याच घरात राहते. "माझ्याकडे आणत जा तिला. माझ्या टबात तीन पोरं वाढली."

"नको हो, तुम्हाला कशाला त्रास!"

"त्रास कसला त्यात?"

"नाही, खरंच नको."

आमच्याकडे दोनदा नको म्हणायचं असतं. तिसऱ्यांदा विचारलं की मात्र हो म्हणावं लागतं. तिनं तिसऱ्यांदा विचारायच्या आत मी कोट चढवला आणि घरसामानाचं ते भलंमोठं दुकान गाठलं.

तिथे मार्सी नावाची मुलगी काउंटरला होती. "माप घ्यायला, दगड कापायला, बसवायला, सगळी माणसं आमची," ती म्हणाली. "तुम्ही नुसतं बघत राहायचं."

बघत तर मी राहिलेच!

माप घ्यायला ड्युएन आला. दारात मावेना एवढा, आणि आवाज मात्र मांजराच्या पिल्लाचा. त्यानं ओट्यावर लेझरचं यंत्र मांडलं, मी त्याच्यापुढे लेमन बार मांडले.

"एकच मोठं सिंक सांगितलंय तुम्ही," तोंडातला घास सावरत तो म्हणाला. "पण बरेच लोक दोन खणांचंच ठेवतात. भांडी विसळायला बरं पडतं म्हणतात."

आता इथे "मला एकच हवंय" असं म्हणायला काय हरकत होती? पण बिचारा कौतुकानं सांगत होता, माझे बार खात होता. त्याला तोंडावर कसं तोडायचं?

"हो, तेही छानच असतं म्हणा!" मी म्हणाले.

ड्युएननं मान डोलावली. मीही डोलावली. दोघंही खूश!

ओटा बसायच्या आदल्या दिवशी मला कामगारांची कणव आली. एवढ्या थंडीत यायचं, वर जुना ओटाही उखडायचा! मी माझ्या नवऱ्याला, कर्टिसला, म्हटलं, "आपणच काढून ठेवू या ना. त्यांना तेवढंच हलकं."

कर्टिस पहार घेऊन कामाला लागला. तासाभरात ओट्याचे तुकडे झाले, जुनं सिंक अंगणातल्या बर्फात उताणं पडलं, नळाच्या जागी दोन चिंध्या बांधलेले पाइप. आणि फोन वाजला. मार्सी!

"एक विनंती होती हो. दुसऱ्या एक बाई इथे येऊन फार आरडाओरडा करतायत. उद्या त्यांचा ओटा आधी बसवला तर चालेल का? तुमचा नंतर बघू."

"अगदी चालेल!" मी म्हणाले. "काही घाई नाही."

फोन ठेवला. कर्टिस धुळीनं माखून, पहार हातात धरून माझ्याकडे बघत होता.

"तू चालेल म्हणालीस?"

"अरे, त्या बाई ओरडत होत्या."

"आणि मी हे काय केलं मग?"

"छान केलंस," मी म्हणाले.

तेव्हापासून आमची भांडी बाथटबमध्ये गेली. टबात कढया, टबात बाटल्या, ओव्हनमध्ये केलेल्या हॉटडिशचं करपलेलं भांडं तळाशी भिजत घातलेलं, एखाद्या बुडालेल्या जहाजासारखं! मारेनला न्हाऊ घालायचं कुठे? अर्लीस दारात उभी राहिली. यावेळी तिनं काही विचारलं नाही. नुसते हात पुढे केले आणि मी माझी लेक त्या हातांत दिली.

रोज दुपारी ती मारेनला न्यायची आणि गुलाबी करून परत आणायची. "मीही येते," म्हटलं की "तू झोप गं जरा, डोळे बघ तुझे," म्हणायची. प्रेमानंच म्हणायची. त्याचाच तर राग यायचा! मी टबाशी गुडघे टेकून बाटल्या घासायची आणि मारेनच्या केसांना अर्लीसच्या लॅव्हेंडर साबणाचा वास यायचा. माझ्या पोरीला माझ्या घरचा वास येईना!

इकडे मार्सीचे फोन चालूच. कधी रस्ता बर्फानं बंद, कधी दगड कापायचं यंत्र बंद, कधी आणखी कुणी ओरडणाऱ्या बाई. माझं प्रत्येकाला एकच उत्तर, "केव्हाही चालेल!" इतक्या गोडव्यानं मी म्हणायची, की कर्टिस खोलीतून उठून जायचा.

शेवटी एकदाचा ड्युएन दगड घेऊन आला. त्यानं आणि कर्टिसनं कण्हत कण्हत तो कपाटांवर टेकवला. पांढराशुभ्र, अंगावर राखाडी रेषा, सुंदर! आणि खिडकीखाली दोन भोकं. मधे दगडाची पट्टी, हाताएवढी रुंद.

मी भोकांकडे बघितलं. कर्टिसनं माझ्याकडे बघितलं. ड्युएननं घाम पुसला आणि पाठीवर हात दाबत विचारलं, "बरा बसलाय ना?"

"वा! सुंदर!" मी म्हणाले.

"तुम्हाला दोनाचं आवडलं म्हणालात, म्हणून मी कारखान्यात मुद्दाम सांगून बदलून घेतलं."

"किती लक्षात ठेवता हो तुम्ही! अजून एक बार घ्या ना."

तो गेला. मी घेतलेलं मोठं सिंक खोक्यातच. ते त्या भोकांत बसेना, भोकांना बसेल असं सिंक घरात नाही. दगड आला, पाणी नाही! कर्टिस म्हणाला, "ब्रिटा, एकदा, फक्त एकदाच, नाही म्हणून बघ. मरत नाही माणूस."

मी बोलणार होते, पण तेवढ्यात अर्लीस आली. कडेवर मारेन, टॉवेलात गुंडाळलेली.

"अगं, आज काय झालं माहितीये? पाण्यात बसल्या बसल्या खदखदून हसली! पहिल्यांदाच! पोट धरून हसावं तशी!"

मारेन तोपर्यंत नुसती ओठ पसरायची. तो आवाज ऐकायला मी तिच्यापुढे कोंबडी झाले होते, घोडा झाले होते, डोक्यावर गाळणी घालून नाचले होते. आणि तो आवाज निघाला समोरच्या घरात. मी तेव्हा कुठे होते? टबात कढई घासत होते!

मी दुकानाला फोन लावला.

"मार्सी," मी म्हणाले, आणि पुढे माझ्या तोंडून जे बाहेर पडलं ते मी लिहीत नाही. आमच्या चर्चमधली माणसंही हे वाचतात. एवढं सांगते, की शेजारच्या बाई खिडकीत आल्या आणि त्यांनी माझ्याकडे बघून अंगठा वर केला. कर्टिस मारेनला कुशीत घेऊन तिचे कान झाकून उभा होता. अर्लीसनं स्वतःचे झाकले होते.

मी थांबले. मग मार्सी एकदम खुशीत म्हणाली, "अय्या, गुरुवारी चालेल?"

"काय?"

"नवा दगड, एका सिंकचा. गुरुवारी. अहो, आधीच ओरडायचं ना! आम्ही सगळे इथे तुम्हाला 'केव्हाही चालेल'वाल्या बाई म्हणतो. कुणाचं काही अडलं की तुमचाच नंबर पुढे ढकलायचा, तुम्ही काही बोलत नाही म्हणून!"

हिवाळाभर वाटलेले माझे सगळे लेमन बार एकदम घशाशी आले.

गुरुवारी खरंच ओटा बसला. सिंक बसलं, नळ बसला, कोमट पाणी आलं. बाहेर बर्फ पडत होतं, अगदी मागवल्यासारखं! मी बाह्या सरसावल्या आणि मारेनला पाण्यात ठेवलं.

तिनं चकचकीत सिंककडे बघितलं, माझ्याकडे बघितलं आणि अशी किंचाळली, की तिच्यापुढे मी मार्सीवर काय ओरडले असेन! एव्हाना ती चांगली लांब झाली होती. पायांनी रेटून उभी राहायला बघायची, नळाला धरायची, साबणानं बुळबुळीत होऊन माझ्या हातांतून निसटायची. तिच्या मानेखाली हात ठेवायचे दिवस होऊनही गेले होते. मी गाणं म्हटलं, कोंबडी झाले. ती निळी पडेपर्यंत रडली.

आवाज ऐकून अर्लीस रस्ता ओलांडून आली, नुसत्या चपलांवर, बर्फातून. तिनं एक हात पाण्यात घातला, दुसरा मारेनच्या छातीखाली, आणि जिभेनं टक् टक् आवाज काढला. मारेन गप्प. मग गालात हसली. मग खदखदून.

म्हणजे तो आवाज मी ऐकला, हे खरं. माझ्याच स्वयंपाकघरात, माझ्याच सिंकमध्ये, दीड हातावरून ऐकला.

मी टॉवेल उघडून उभी होते. अर्लीस वळून म्हणाली, "टॉवेल मात्र तू छान धरतेस हं, ब्रिटा."