नको ते सगळं

“जागा नाही म्हणतो मेला,” धाकटी फोनकडे बघत चपला पायांत सरकवत होती. “लेकीनं पाठवलेला व्हिडिओसुद्धा उघडेना. तुमचं दुकान आज बंद आहे ना? मग फोन इथेच ठेवते. नको ते सगळं काढून टाका त्यातनं.” एवढं बोलून ती ग्रंथालयात कामाला निघून गेली.

नवऱ्याच्या हातात आपला फोन देऊन ‘नको ते सगळं’ एवढ्यावरच थांबायचं नसतं, हे इतक्या वर्षांच्या संसारात तिला कळायला हवं होतं. तिच्या नवऱ्याचं चष्म्यांचं दुकान होतं. अख्खा बाजार त्यांना चष्मेवाले म्हणायचा, आणि सासरची माणसंही तेच म्हणायची. माणूस सज्जन, पण टापटिपीचा भारी सोस. घरातले स्क्रूसुद्धा आकाराप्रमाणे डब्यांत लावून ठेवणारे. बायकोचा फोन उघडून पाहिल्यावर त्यांचे डोळे पांढरेच झाले.

एका गेममध्ये गोळ्या फोडायच्या होत्या, एकात फळं कापायची होती, एकात गाड्या लावायच्या होत्या आणि एकात चक्क मांजराला आंघोळ घालायची होती. हा सगळा शेजारच्या पोरांचा आणि सुट्टीवर आलेल्या लेकीचा प्रताप. चष्मेवाल्यांनी एकेक गेम बोटानं दाबून धरला. “काढून टाकायचा का?” फोन विचारी. “हो.” “नक्की?” “नक्की म्हणजे काय!” घरात आपल्याला इतक्या अदबीनं दोनदा कोणी विचारल्याचं त्यांना आठवत नव्हतं. त्यांचा उत्साह वाढत गेला.

शेवटी एक गेम राहिला. काळ्यापांढऱ्या चौकटी आणि त्यांवर थोडी मोहरी. चष्मेवाले बराच वेळ त्याकडे बघत बसले. काहीच हलेना, काहीच फुटेना, आवाजही येईना. बिघडलेला दिसतो, असं ठरवून त्यांनी तोही काढून टाकला आणि समाधानानं चहा टाकला.

संध्याकाळी धाकटी आली. व्हिडिओ झटकन उघडला. “अगंबाई, लख्ख केलात की फोन!” ती म्हणाली आणि चष्मेवाले फुलले. मग तिचं बोट फोनवर काहीतरी शोधू लागलं. डावीकडे गेलं, उजवीकडे गेलं, पुन्हा डावीकडे आलं.

“अहो, माझं बुद्धिबळ कुठाय?”

“ते होय? अगं, ते बंद पडलेलं होतं. काही हलतच नव्हतं त्यात.”

“हलेल कसं? माझी चाल होती ना! मी विचार करत होते!” धाकटी मटकन खुर्चीत बसली. “तिनं काल घोडा अडकवलाय माझा. उद्या सकाळपर्यंत चाल गेली नाही तर तो गेम तिला सांगणार, ‘शेंडेफळ यांनी डाव सोडला.’ संपलंच मग सगळं!”

“शेंडेफळ कोण?”

“मी.”

“आणि समोरची?”

धाकटी खिडकीबाहेर बघायला लागली. “असेल कुणीतरी. ‘थोरली’ असं नाव लावते.”

चष्मेवाल्यांच्या डोक्यात लख्ख प्रकाश पडला. धाकटीला एकच बहीण होती, थोरली. ती बाजाराच्या दुसऱ्या टोकाला बटणं आणि लेस विकायची. दोघींचं बोलणं कित्येक वर्षं बंद होतं. एका लग्नात दुपारी दोघी बुद्धिबळ मांडून बसल्या होत्या. फोटोला बोलावलं म्हणून धाकटी लगबगीनं उठली, हाताचा धक्का लागला आणि पट उलटला. ती हरायच्या बेतात होती, हे खरं. पण थोरली भरल्या मांडवात, धाकटीच्या सासूच्या देखत म्हणाली होती, “लहानपणापासून रडीच आहे ही!” ते जे बोलणं थांबलं ते थांबलंच.

“म्हणजे तू ताईंशी खेळतेस? रोज?”

“मला काय ठाऊक कोण आहे ती! जगात थोरल्या काय कमी आहेत? गेमनंच जोडी लावून दिली. मी तर पाहुणी म्हणून खेळत होते, खरं नावसुद्धा दिलेलं नाही.”

म्हणूनच तो डाव आता परत मिळणार नव्हता. चष्मेवाल्यांनी गेम पुन्हा उतरवून घेतला, तर त्यानं धाकटीचं ‘नवीन खेळाडू’ म्हणून तोंड भरून स्वागत केलं. जुन्या पाहुणीला तो ओळखही दाखवेना.

“मग तिला शोधून आमंत्रण पाठव ना नवीन.”

“मी? मी आधी? म्हणजे मीच बोलायला गेल्यासारखं नाही का होणार?” धाकटीचे डोळे भरून आले. “पुन्हा म्हणेल ती, घोडा अडकला म्हणून पळाली रडी. आणि पुन्हा नाही खेळणार माझ्याशी. रोज सकाळी तिची चाल आलेली दिसली की मला बरं वाटायचं हो. ठीक आहे म्हणायचं तिकडे सगळं.”

चष्मेवाल्यांना स्वतःचीच लाज वाटली. बायकोच्या फोनातून त्यांनी नेमका तिचा माहेरचा रस्ताच पुसून टाकला होता.

दुसऱ्या दिवशी आपलं दुकान उघडायच्या आधीच ते थोरलीच्या दुकानात हजर झाले. “कोटाला एक बटण हवं होतं,” असं म्हणून बराच वेळ घुटमळले आणि मग म्हणाले, “ताई, एका व्यक्तीच्या फोनातला गेम चुकून काढला गेलाय. त्या व्यक्तीची काही चूक नाही. काढणारा गाढव दुसराच आहे.”

“मला कशाला सांगताय?” थोरली लेस मोजत म्हणाली. “मी कुठे ओळखते त्या व्यक्तीला?” लेसची गुंडाळी झाली. “आणि घोडा अडकल्यावरच बरा चुकून काढला गेला?”

“शप्पथ घेतो, ताई. त्या व्यक्तीनं काल जेवणसुद्धा केलं नाही.”

थोरलीनं लेस बाजूला सारली. मग तिनं मागच्या कपाटातून चौकटीचं कापड काढून काउंटरवर पसरलं. मोत्यासारखी पांढरी बटणं एका बाजूला, कोटाची काळी दुसऱ्या बाजूला, असं करत तिनं अख्खा डाव जसाच्या तसा मांडला. “तोंडपाठ आहे मला. त्या व्यक्तीलाही असेल, तर चाल कळवायला सांगा. तुम्ही रोज याच रस्त्यानं जाता ना, चष्मेवाले?”

ते त्या रस्त्यानं कधीच जात नसत. पण “हो तर!” म्हणाले.

घरी धाकटीनं जेवणाच्या टेबलावर औषधांच्या बाटल्यांची टोपणं मांडून तोच डाव उभा केला. आता बुद्धिबळाचा गेम म्हणजे स्वतः चष्मेवालेच झाले. “हत्ती डावीकडे दोन घरं,” असं पुटपुटत ते सकाळी बाजारातून जायचे आणि संध्याकाळी “राजा उजवीकडे एक घर,” असं पुटपुटत परत यायचे. ओळखीचं कोणी नमस्कार करू लागलं तर नुसती मान हलवायचे, कारण तोंड उघडलं की चाल सांडायची. ‘फोटो काढून नेतो’ हा उपाय दोघींनीही उडवून लावला. फोटोत घर दिसतं, आणि घर दाखवणं म्हणजे बोलणं झालं!

पटावर मोजकीच मोहरी उरली होती. डाव लवकर संपायला हवा होता, पण तो वेडावाकडा वाहवत चालला. चाल ऐकली की धाकटी ती टोपणांवर करून बघायची आणि तिचा चेहरा पडायचा. “अहो, नक्की उजवीकडेच म्हणाली का ती?”

“अगदी नक्की.”

“असं कसं खेळेल ती? समोर हत्ती उभा आहे आणि वजीर त्याच्या तोंडात?” मग जरा वेळानं, भाजी चिरता चिरता, ती हळूच विचारायची, “त्या व्यक्तीची तब्येत बरी आहे ना? गिऱ्हाइकाला नीट ओळखते ना?”

गंमत म्हणजे तिकडे थोरलीही काळं बटण हातात धरून असंच विचारायची. “चष्मेवाले, ती व्यक्ती हल्ली वस्तू कुठे ठेवल्या ते विसरते का हो? दूध उतू जातं का?”

“दूध जातं कधीकधी,” चष्मेवाले प्रामाणिकपणे सांगायचे आणि थोरलीचा चेहरा आणखी उतरायचा.

त्यांना बिचाऱ्यांना काय माहीत! ह्या दोघींना बुद्धिबळ वडिलांनी शिकवलं होतं. शेवटी शेवटी त्या वडिलांना घोडा कसा चालतो तेच आठवेनासं झालं होतं, मग मोहऱ्यांची नावं गेली आणि मग लेकींचीही. पटावरची एक खुळी चाल, एवढंच त्या दुखण्याचं पहिलं लक्षण होतं.

एका सकाळी धाकटी टेबलाजवळ कितीतरी वेळ बसून राहिली. तिला समोर सरळसरळ मात दिसत होती. थोरलीचा राजा कोपऱ्यात येऊन असा उभा होता, की शेजारच्या पोरांनीही तो उचलला असता. ती उठली आणि चष्मेवाल्यांना म्हणाली, “तिला सांगा, शेंडेफळ हरलं. डाव सोडलाय म्हणावं.”

चष्मेवाल्यांनी आ वासला. “अगं, पण ती रडी म्हणेल ना तुला!”

“म्हणू दे,” धाकटी डोळे पुसत म्हणाली. “म्हणण्याएवढं आठवतंय तोवर म्हणू दे.”

एवढं मोठं वाक्य घेऊन बाजारातून जायची त्यांना हिंमत होईना. ते जड पायांनी निघाले आणि आपल्याच जिन्याच्या पहिल्या पायरीवर थबकले. खालून थोरली धापा टाकत वर येत होती. हातात चौकटीचं कापड होतं आणि दुकान भर बाजाराच्या वेळी बंद करून ती आली होती.

“आत आहे का ती?” थोरलीनं विचारलं. ‘ती व्यक्ती’ म्हणायचंसुद्धा ती विसरली होती. उत्तराची वाट न बघता ती आत शिरली आणि दारातूनच म्हणाली, “धाकटे, मी हरले. थोरली हरली! आता तो डाव पुरे, आपण आधी डॉक्टरकडे जाऊ.”

“मी तर मघाशीच डाव सोडला,” धाकटी उठून उभी राहिली. “आणि डॉक्टरकडे तुला न्यायचंय, ताई!”

“मला? कसल्या चाली खेळत होतीस तू! झोप उडाली माझी. वाटलं, बाबांचं...”

“आणि तू? वजीर कोणी असा तोंडात देतं का?”

थोरलीनं टेबलावरची टोपणं पाहिली. एकदा डावीकडून पाहिली, एकदा उजवीकडून. “हा हत्ती इथे कसा? मी तर त्याला पलीकडच्या कडेला पाठवला होता.”

“तू उजवीकडे म्हणालीस. तुझं उजवं म्हणजे माझं डावं, म्हणून मी उलटून इकडे ठेवला. बाबांनी तसंच शिकवलंय.”

“पण मी डावीकडे म्हणाले होते!”

दोघी बहिणी सावकाश वळल्या. चष्मेवाले दाराच्या चौकटीला टेकून उभे होते आणि कोटाच्या बटणाशी चाळा करत होते.

“म्हणजे त्याचं काय आहे,” ते म्हणाले, “गिऱ्हाईक समोर बसलं की त्याचा डावा डोळा माझ्या उजव्या हाताला येतो. जन्मभराची सवय आहे. समोरच्याला सोपं जावं म्हणून मी चाल वाटेतच उलटून आणत होतो. तुम्हीही उलटताय, हे मला कोणी सांगितलं?”

थोरलीनं कपाळावर हात मारला. “ह्या माणसाला कशाला पाठवलंस गं?”

“मग कोणाला पाठवणार होते? तू आली असतीस?”

“बोलावलं असतंस तर धावत आले असते!”

“मला काय स्वप्न पडणार होतं?” असं म्हणत धाकटी रडायला लागली. थोरलीनं तिला जवळ घेतलं आणि तीही रडायला लागली. रडता रडता दोघी मिळून चष्मेवाल्यांच्या बुद्धीचा पाढा वाचू लागल्या. एकीचं वाक्य दुसरी पुरं करत होती. कित्येक वर्षांनी त्यांचं एका गोष्टीवर एकमत झालं होतं आणि ती गोष्ट आपण आहोत, ह्याचं चष्मेवाल्यांना वाईट वाटेना. ते मुकाट्यानं चहा टाकायला आत गेले.

दुसऱ्या दिवशी भर दुपारी ते दुकानात डब्याची वाट बघत बसले होते. डबा नेहमी धाकटी ग्रंथालयाच्या मधल्या सुट्टीत आणून द्यायची, पण आज तिचा पत्ता नव्हता. त्यांनी तिला फोन लावला. ती दुसऱ्या कॉलवर होती. जरा वेळानं पुन्हा लावला, तरी तेच. ती निघाली का हे थोरलीला तरी माहीत असेल, म्हणून त्यांनी थोरलीला फोन लावला.

थोरलीही दुसऱ्या कॉलवर होती.

चष्मेवाल्यांनी फोन खाली ठेवला, समोरच्या पेल्यातलं पाणी पिऊन घेतलं आणि भुकेल्या पोटी, गालातल्या गालात हसत गिऱ्हाइकाला म्हणाले, “हं, आता उजवा डोळा झाका. तुमचा उजवा.”