सासूबाईंचा पाचव्या मिनिटाला खून

डेटलेफ नुसबाउम एकोणीस वर्षं कोलोनमध्ये बसून टीव्हीसाठी रहस्यकथा लिहीत होता. एवढ्या काळात त्याने दोन-अडीचशे माणसं सहज मारली असतील (कागदावर; घरात कोळी दिसला की तो बायकोलाच हाक मारी). पण लेखक म्हणून त्याला कोणी ओळखल्याचं ऐकिवात नव्हतं.

गेल्या हिवाळ्यात खुब्याचं ऑपरेशन झालेल्या सासूबाई सहा आठवडे राहायला आल्या. बटाटे कच्चे, पडदे मळके, जावई रिकामटेकडा, असा त्यांचा दिवसभर पाढा चाले. नेमकं तेव्हाच डेटलेफला पुढच्या भागासाठी कोणीतरी मारायला हवं होतं. त्याने फारसा विचार केला नाही. सासूबाईंची टोपी, सासूबाईंचं नाक मुरडणं, सासूबाईंची वाक्यं, सगळं जसंच्या तसं उचललं आणि पाचव्या मिनिटाला त्यांना केकमधून विष घातलं. त्या दिवशी त्याला झोप फार छान लागली.

शरदात भाग लागला तो रविवार होता, आणि सासूबाई दुपारीच कॉफी प्यायला आल्या होत्या. संध्याकाळ झाली तरी उठायचं नाव नाही. गुड्रूनने स्वयंपाकघरात नवऱ्याला गाठलं. तिने संहिता नुकतीच वाचली होती.

"आईने हे पाहिलं," ती हळूच म्हणाली, "तर उद्यापासून तू तळघरात राहायचंस. मीही तिच्याच बाजूने असेन."

आठ वाजून दहा मिनिटांनी, भाग सुरू व्हायला पाच मिनिटं असताना, डेटलेफने पॅसेजमध्ये जाऊन गुपचूप फ्यूज काढला. घरात काळोख. आता सासूबाई कंटाळून घरी जातील, असा त्याचा हिशेब. सासूबाईंनी शांतपणे काठी उचलली आणि खालच्या मजल्यावर श्टुकेबाईंकडे टीव्ही बघायला निघाल्या. त्यांना अडवायला धावलेला डेटलेफ अंधारात बुटांच्या कपाटावर आपटला. लंगडत खाली पोचेपर्यंत पडद्यावरची टोपीवाली म्हातारी केककडे बघून नाक मुरडत होती.

सासूबाई खुर्चीत पुढे सरकल्या. डेटलेफने डोळे मिटले.

पण हसण्याचा आवाज आला. सासूबाई डोळ्यांत पाणी येईस्तोवर हसत होत्या. ही तर आपली धाकटी बहीण हिल्ट्रूड, अगदी तीच खवट बया, असं त्या श्टुकेबाईंना पुन्हापुन्हा सांगत होत्या. भाग संपल्यावर त्या म्हणाल्या, "ज्याने कोणी हे लिहिलंय ना, त्याला माणसं कळतात."

मागोमाग खाली आलेल्या गुड्रूनने नवऱ्याकडे बघून डोळे वटारले. पण एकोणीस वर्षांत घरच्या माणसाकडून ऐकलेलं हे पहिलं कौतुक. डेटलेफला राहवेना.

"मीच लिहिलंय ते, सासूबाई."

सासूबाईंनी त्याला आपादमस्तक न्याहाळलं आणि मायेने त्याच्या हातावर थोपटलं.

"असं खोटं बोलू नये, जावईबापू. तुम्ही लिहिलेलं असतं, तर मी पाचव्या मिनिटाला घोरायला लागले असते."