सावेलीपंतांची शेळी

श्रीशारदा समर्थ. गोड लिहिणारांस कंठे-कडी मिळतात हे ठाऊक असोनही घडले तैसे लिहितो. राग येईल तो ज्यांचा त्यांवर धरावा. शके अठराशे पंचाण्णव, उत्तरेस हिमाचे एक राज्य होते, तेथे सावेलीपंत नामे गृहस्थ चित्रपटांच्या कथा लिहीत असत. दंडक ऐसा की, कथा सात दरबारी परीक्षकांनी वाचावी आणि काही तरी कापल्याविना मोहोर करू नये. मग पंत युक्ती करीत, मुद्दाम एक शेळी घालीत, ती कचेरीत शिरोन सरकारी फर्मान खाई, आणि परीक्षक लालबुंद होऊन शेळी कापीत आणि समाधान पावोन बाकी मजकूर सोडीत. याप्रमाणे बहुत वर्षे गेली.

परंतु पंतांस ध्यास एकाच प्रसंगाचा. त्यांचे वडील निरपराध बंदीखान्यात पडिले, आणि मातोश्री आगाफ्याबाई भाकरीची पुरचुंडी घेऊन दरवाजापुढील रांगेत हिवाळाभर उभ्या राहिल्या, आणि पाळी येताच शिपायाने पुरचुंडी परत लोटिली, "घेणारा उरला नाही." हे मातोश्रींचे हयातीत पडद्यावर दिसावे, म्हणोन पंतांनी नऊ वेळा लिहिले, एकदा तर तीन शेळ्या घातल्या. परीक्षकांनी तिन्ही कापिल्या आणि आईही कापिली! वर म्हणाले, "आमचे राज्यात रांगा नसतात." आणि त्यांच्याच बायका बाहेर लोण्यासाठी रांगेत! लाज म्हणोन नाही.

शके एकोणीसशे तेरा, राज्य बुडाले आणि परीक्षक परागंदा जाहले. मग पंतांनी दहाव्यांदा प्रसंग लिहिला, मातोश्रींस वचन दिले, आणि हाताची सवय, शेळीही घातली. चित्रपटाचे नवे धनी चामडी डगला घालोन आले, वाचोन पोट धरोन हसले आणि बोलिले, "पंत, शेळी फर्मास! तीच वाढवा. म्हातारी काढा, रडगाणे कोण पाहतो?" पंत भांडले, विनवू लागले, कोणी ऐकेना. आणि घरी सांगावयाची छाती जाहली नाही.

चौऱ्याऐंशी वर्षांच्या बाई नवा रुमाल बांधोन पहिल्या रांगेत बसल्या. शेळीने फर्मान खाल्ले, लोकांनी टाळ्या पिटल्या, आणि दिवे लागले. बाई उठेनात. म्हणाल्या, "सावेली, माझी पाळी केव्हा रे?"

येणेप्रमाणे हकीकत. पुढे शेळीस बक्षीस मिळाले, आणि बाई त्याच हिवाळ्यात वारल्या. लिहिणाराने संतापाने लेखणी ठेविली, सबब इतकेच.