पाण्यावर जोर

"जाहिरात म्हणजे काय रॉकेट उडवायचंय का? मी करतो!" असं महिपतीने घरात जाहीर केलं, तेव्हा त्याची बायको ललिता पोळ्या लाटायची थांबली आणि मुलगी ऋतिकाने कानातले इअरफोन काढले. महिपती 'मी करतो' म्हणाला की पुढे काहीतरी दुरुस्त करायला माणूस बोलवावा लागतो, हे दोघींनाही अनुभवाने ठाऊक होतं.

महिपती मूळचा कापड्याचा. पण गेली कित्येक वर्षं महाडच्या बाजारपेठेत त्याचा पिण्याच्या पाण्याच्या जारचा धंदा. धंद्याचं नाव 'गारवा जल'. पावसाळा आला की नळाला चहासारखं पाणी यायचं आणि महिपतीच्या जारना मागणी यायची. यंदा मात्र दुसऱ्या कुणीतरी शहरभर रंगीत पत्रकं वाटली होती, आणि ती बघून महिपतीच्या पोटात दुखायला लागलं होतं.

"फोनवर लिहायचं, आणि चित्र तयार! ऋतिका, तूच तर दाखवलंस मला!"

ऋतिका कॉलेजात शिकत होती. तिने बापाला चित्र काढणारं ते यंत्र शिकवलं होतं खरं. वर्णन लिहायचं, हवा तर आपल्याकडचा एखादा फोटो द्यायचा, आणि ज्या शब्दावर जोर हवा तो कंसात टाकायचा. दोन कंस टाकले की आणखी जोर.

"पण बाबा, बेतानं हां! जास्त कंस घातले की त्याला दुसरं काही सुचतच नाही. एकाच गोष्टीच्या मागे लागतं."

"म्हणजे तुझ्या आईसारखं," महिपती म्हणाला, आणि पोळी जरा उशिरा मिळाली.

दुसऱ्या दिवशी सकाळी दुकानात बसून त्याने आपल्याच गल्लीचा फोटो यंत्राला दिला आणि लिहिलं: महाडची बाजारपेठ, पावसाळा, आनंदी दुकानदार, हातात पाण्याचा ग्लास, शेजारी 'गारवा जल'चा निळा जार. चित्र आलं. दुकानदार आनंदी होते, पण ग्लास एवढासा! पाणी तर दिसतच नव्हतं. पाण्याच्या जाहिरातीत पाणीच नाही, म्हणजे लग्नात नवराच नाही!

त्याने पाणी कंसात टाकलं. ग्लास भरला. आणखी कंस टाकले. रस्ता ओला झाला. छान! पण महिपतीला 'छान' पुरत नसे. मिसळीवर तर्री घेताना त्याचा हात जसा थांबत नसे, तसाच तो इथेही थांबला नाही. ((((((पाणी)))))) असं काहीतरी लिहून झालं. मग वाटलं, माणसं उदास दिसायला नकोत, म्हणून 'आनंदी'लाही दोन कंस चढवले.

एवढ्यात फोन आला. कापड्याहून येसाजी, नात्याने चुलता. त्याच्या नातवाचं बारसं होतं.

"म्हयपती, जार कवा येतत रं? पावनं आलं, पानी नाय!"

"निघालोच काका!"

त्याने चष्मा शोधला, तो सापडला नाही. फोन डोळ्यांजवळ धरला. गल्ली दिसत होती, माणसं हसत होती, निळं निळं चकाकत होतं. आणखी काय पाहिजे? त्याने चित्र व्यापाऱ्यांच्या ग्रुपवर टाकलं आणि खाली आपलं घोषवाक्य लिहिलं, जे सुचायला त्याला आठवडा लागला होता:

'बाजारपेठेत पाणी! थेट तुमच्या दारात!'

आणि टेम्पो काढून तो निघून गेला.

कापड्यात फोनला रेंज नव्हती. महिपतीने जार उतरवले, बारशाचं जेवण जेवला, आणि येसाजीकाकाला सांगितलं की आता सगळं महाड त्याचीच चर्चा करत असणार. हे मात्र अगदी खरं होतं.

परतताना पोलादपूरच्या स्टँडसमोर तो शकूच्या टपरीवर चहाला थांबला. फोनला रेंज आली आणि तो गरम तव्यावर पाणी पडल्यासारखा तडतडू लागला. ललिताचा फोन.

"अहो, आहात कुठे? कधीची लावतेय! बाजारपेठेत पाणी शिरलंय!"

"काय?"

"पाणी! पूर! शेजारचे अजमलभाई दुकानातल्या गाद्या वर चढवतायत, मी जार माळ्यावर टाकतेय! ग्रुपवर फोटो आलाय म्हणे... अहो, मागच्या वेळेसारखं..." आणि तिला रडू आलं. फोन कट झाला.

मागच्या वेळेस काय झालं होतं, ते महाडात कुणाला सांगावं लागत नाही. छपरावर काढलेली ती रात्र, खाली आपलंच कपाट भिंतींवर आपटत असल्याचा आवाज, आणि नंतर घराघरातून फावड्याने काढलेला चिखल. त्याच्या हातातला चहा शर्टावर सांडला.

"महाडात पूर आला!" तो ओरडला.

टपरीवरचे सगळे उभे राहिले. कुडपणहून बाजाराला आलेला एक म्हातारा म्हणाला, "आवो पन पाऊस कुटं हाय? वर आमच्याकडं ऊन पडलाय."

"काका, भरतीचं पाणी असतं! तुम्हाला नाय कळायचं!" महिपतीने त्याला गप्प केलं. मग तो थेट रस्त्यावर गेला आणि हात पसरून गाड्या अडवू लागला. "महाडला जाऊ नका! वळवा! पाणी हाय!" एक जीप वळली. लग्नाचा बस्ता घ्यायला निघालेली माणसं खाली उतरली आणि त्यांनी हात जोडले. एका बाईने देवच भेटला म्हणून त्याच्या पायांना हात लावला.

"ही बघा, पक्की खबर!" शकूने आपला फोन पुढे केला. "माज्या भावानं वीर टेसनावरनं पाठवलाय."

त्याचा एक जादा चष्मा टेम्पोत पडलेला होता. तो लावून महिपतीने फोटो बघितला. कुणीतरी वरचा भाग कापून टाकला होता. माणसांची तोंडं नव्हती, नुसतं कमरेएवढं पाणी होतं आणि दोन्ही बाजूंना ओळखीची दुकानं. मधोमध एक निळा जार तरंगत होता. जारवर अक्षरं होती: 'गावरा लज'.

महिपतीने ते पुन्हा वाचलं. यंत्राने नाव लिहायचा प्रयत्न केला होता. त्याच्याच जारचं नाव.

त्याने चष्मा पुसून पुन्हा लावला. अक्षरं तीच होती.

"काय झालं भाऊ?" शकूने घाबरून विचारलं. "घरचं कोन दिसलं काय?"

"जार..." महिपती कसाबसा म्हणाला. "माझा जार हाय."

"अगं आई गो! यांचा धंदा व्हावून गेला!"

झालं! गर्दी त्याच्याभोवती गोळा झाली. त्याला बाकड्यावर बसवलं. कुणी पाणी पाजलं. कुडपणच्या म्हाताऱ्याने, ज्याला त्याने मघाशी गप्प केलं होतं, त्याने आपल्या खांद्यावरचं घोंगडं काढून त्याच्या अंगावर घातलं. शकूने बिस्किटांचे पुडे पिशवीत भरून दिले. "पोराबाळांना होतील. पैशाचं नाव काढू नगा!" महिपतीने तोंड उघडलं. 'अहो, ते चित्र आहे, मीच केलंय' असं म्हणायचं होतं. पण त्याच्या पाया पडलेली ती बाई समोरच डोळे पुसत उभी होती. त्याने तोंड मिटलं, घोंगडं आवळलं आणि टेम्पोत जाऊन बसला.

"वागणूक बगा मानसाची," मागून कुणीतरी म्हणालं. "एवडं गेलं, पन आदी दुसऱ्यांना सावद केलं!"

महाडपर्यंतचा रस्ता त्याने मेल्याहून मेल्यासारखा कापला. सावित्री उजव्या अंगाला आपल्या पात्रात शहाण्यासारखी वाहत होती. महिपतीला वाटलं, ती आपल्याकडेच बघतेय.

बाजारपेठ कोरडी होती. वर ऊनसुद्धा होतं. आणि सगळी गल्ली सामान वर चढवत होती! वरच्या टोकाच्यांना वाटत होतं पाणी खालच्या टोकाला शिरलंय, खालच्यांना वाटत होतं वरच्या. पण कुणी चालत जाऊन बघत नव्हतं. ज्यांनी एकदा वाट बघून सगळं घालवलंय, ती माणसं दुसऱ्यांदा वाट बघत नाहीत.

शेजारच्या गादीच्या दुकानात अजमल घामाने निथळत होता. डोक्यावर गादी, काखेत उशा. त्याने महिपतीला बघितलं. "आलास? बरं झालं! जरा हात लाव!"

सांगायची वेळ हीच होती. महिपतीने काय केलं? त्याने गादी उचलली! लाज माणसाला काय काय करायला लावते! त्याने एक गादी वर नेली, मग दुसरी, मग तिसरी. जणू सगळ्या गाद्या वर गेल्या की केलेलं आपोआप पुसलं जाणार होतं. अरुंद जिन्यात कापूस नाकात जात होता. घोंगडं अंगावर तसंच होतं.

माडीवर अजमलची आई, जहांआराबी, शिवणयंत्राला मिठी मारून बसल्या होत्या. मागच्या पुरात त्यांचं जुनं यंत्र गेलं होतं. हे नवं घ्यायला त्यांनी दोन ईद नवे कपडे केले नव्हते.

"महिपती," त्या म्हणाल्या. "बेटा, आपलं दुकान सोडून आमच्याकडे आलास. खुदा तुझं भलं करो."

महिपतीच्या हातातली गादी खाली आली आणि तिच्यावर तोही बसला.

"खाला, माझं भलं नका मागू. पाणी नाय आलं."

"काय?"

"तो फोटो खोटा हाय. मी केला. जाहिरात होती."

जिन्यात गादी डोक्यावर घेऊन अजमल थांबला. गादीखालून फक्त त्याची मिशी दिसत होती. "केला म्हणजे? पाणी केलंस?"

"फोनमधल्या यंत्राने केलं. मी जोर दिला. पाण्यावर. कंसात."

"कंसात," अजमल म्हणाला. त्याने गादी खाली ठेवली. मोठा आवाज करील, शिवी देईल, म्हणून महिपती मान घालून बसला. पण तो जिन्याच्या पायरीवर बसला आणि हळू आवाजात म्हणाला, "मी पूर्ण फोटो बघितला होता रे. त्यातली माणसं हसत होती. मला वाटलं, एकदा सगळं गेलेलं असलं की दुसऱ्यांदा माणूस हसतच असेल."

त्यापेक्षा त्याने एक ठेवून दिली असती तर बरं झालं असतं.

खाली ललिता आणि ऋतिका उभ्या होत्या. ऋतिका दुपारपासून प्रत्येक दुकानात जाऊन 'फोटो खोटा आहे' असं सांगत होती आणि प्रत्येकजण तिला 'पोरी, आधी वर जा' म्हणत होता. तिने बापाकडे, त्याच्या घोंगड्याकडे, बिस्किटांच्या पिशवीकडे बघितलं.

"बाबा, किती कंस घातलेत?"

"मोजले नाहीत गो," महिपती म्हणाला.

मग तो गल्लीच्या एका टोकापासून निघाला. प्रत्येक दुकानापुढे उभं राहून तेच वाक्य: "पाणी नाय आलं. फोटो मी केला. माफ करा." काहींनी शिव्या दिल्या. त्या त्याने प्रसादासारख्या घेतल्या. एका सोनाराने दार लावून घेतलं. सगळ्यात वाईट होते ते, ज्यांना हे ऐकून हुंदका आला आणि जे त्याच्याच गळ्यात पडून म्हणाले, "नाय आलं? खरंच नाय आलं?"

संध्याकाळपर्यंत तो लोकांचं सामान खाली आणत होता. पिठाची पोती, टीव्ही, देव्हारे, एका वकिलाची फायलींची कपाटं. शेवटी अजमलच्या गाद्या. दर गादीमागे अजमल "जोर दे!" म्हणायचा, आणि गल्ली हसायची. महिपतीला हसू येत नव्हतं. पाठ मात्र भरून येत होती.

शिवणयंत्र उचलायला गेला, तेव्हा जहांआराबींनी त्याचा हात धरला.

"हे राहू दे वर. आणि आता तू ऐक. पावसाळा संपेपर्यंत रोज सकाळी पुलावर जायचं. नदी आपल्या डोळ्यांनी बघायची. आणि मला येऊन खरं सांगायचं."

"रोज?"

"रोज."

महिपतीने दुसऱ्या दिवशी पोलादपूरला जाऊन घोंगडं परत केलं. शकूला सगळं सांगितलं. तिने बिस्किटं परत घेतली नाहीत, पण चहाही दिला नाही. आणि त्या दिवसापासून तो रोज सकाळी रेनकोट चढवून पुलावर जाऊ लागला. कठड्याला टेकून नदीकडे एकटक बघत राहायचा. जाणारे-येणारे "भाऊ, काही त्रास हाय का घरात?" असं विचारायचे. मग ओल्या चपलांनी माडी चढून तो जहांआराबींना सांगायचा, अगदी शपथेवर साक्ष दिल्यासारखा: "खाला, पाणी खांबाच्या बरंच खाली हाय. गढूळ हाय, पण शांत हाय."

त्या डोळे मिटून ऐकतात. "शाबास, बेटा," म्हणतात. त्याच्या डोक्यावरून हात फिरवतात. महिपतीच्या छातीवरचा दगड तेवढ्यापुरता हलतो आणि तो जिना उतरू लागतो.

तो शेवटच्या पायरीवर पोचतो न पोचतो तोच वरून हाक येते:

"अजमल! जरा पुलावर जाऊन बघून ये रे!"