आत गेलेली पावलं

बबननानांच्या घरी पाहुण्याला पाण्याआधी दम मिळतो. "पावणं, चपला भाईर. आन् त्या खोलीत जायचं न्हाई. आत माणूस हाय."

आत कोणीच नसतं. मुलगा मंचरला असतो, बायकोला, म्हणजे शांताकाकूंना, जाऊन बरीच वर्षं झाली. घरात नाना एकटेच.

आमच्या महाळुंगे पडवळमध्ये सगळ्यांनी फरशा घातल्या, तेव्हा नानांनी हट्टाने त्या खोलीत सागवानी फळ्या ठोकून घेतल्या. लोक दिवाळीला भिंती रंगवतात, हे दर गौरी-गणपतीला जमिनीला पॉलिश करतात. पाण्याचा एक थेंब सांडला तरी स्वतःच्या धोतराने टिपतात.

मी शेजारी. एकदा न राहवून आत डोकावलो आणि अंगावर सर्रकन काटा आला. चकचकीत फळ्यांवर बाईची अनवाणी पावलं, कुंकवाने लाल. दारापासून कपाटाआडच्या खिडकीकडे गेलेली. परत आलेलं एकही पाऊल नव्हतं.

"तुजी काकू," मागून नाना हळूच म्हणाले. "कुंकवाच्या पायानं गौर घिऊन घरभर फिरत व्हती. मी नुकतंच पॉलिश मारल्यालं. गौर हातात आसताना माघारी कशी फिरंल? गेली सरळ खिडकीशी. मी लई वरडलो. म्हनलं, वाळंस्तवर हलू नगं! तितंच उभी ऱ्हायली बिचारी. च्या मी खिडकीतनं दिला."

तेव्हापासून त्या पावलांवर ते दरवर्षी पॉलिशचा हात देतात, पुसली जाऊ नयेत म्हणून.

यंदा मुलाने परस्पर ठरवलं, मशीनने फळ्या घासून डाग काढायचे. नानांनी जेवणच टाकलं. मला त्यांची काळजी वाटू लागली.

गौरी यायच्या दिवशी मशीनवाला आला. दार सताड उघडं, ओल्या पॉलिशचा वास, नाना कुठेच दिसेनात. आम्ही खोलीत पाहिलं. काकूंच्या पावलांशेजारी आता पुरुषाची रुंद पावलं होती, तशीच लाल. तीही आतच गेलेली.

मशीनवाला मशीन तिथेच टाकून पळाला. मी कसाबसा मागच्या बाजूने खिडकीशी गेलो.

गजांच्या आत, कपाटाआड, नाना उभे होते. तळपाय कुंकवाने माखलेले, चेहरा अपराधी पोरासारखा.

"पोराला सांग, घास म्हनावं आता बापाची पावलं."

"नाना, बाहेर या की!"

"वाळंस्तवर हलता येत न्हाई, भाऊ." मग गज धरून म्हणाले, "च्या आन की. खिडकीतनंच दे."

मी वळलो, तशी मागून हाक आली.

"दोन कप आन रं."