दुकानाला वळसा

पाचव्यांदा चुकीचा पासवर्ड पडला, तेव्हा कॉम्प्युटरने कुलूपकाकांना बजावलं की आता उद्यापर्यंत दाराशी येऊ नका. बजावलं अगदी गोड शब्दांत. खाली एक हसरा चेहराही काढला होता. चाळीस वर्षं अख्ख्या गल्लीची अडलेली दारं उघडून देणारा माणूस आपल्याच घरात, बायकोच्या टेबलापुढे, परका ठरला होता.

दार होतं एका खेळाचं. खेळात होती बाग. बाग होती काकूंची, आणि काकू होत्या इस्पितळात, तिसऱ्या मजल्यावर, खिडकीपासून दुसऱ्या खाटेवर. पोटातली गाठ काढायला म्हणून त्यांना आत नेलं होतं आणि डॉक्टरांनी उघडलेलं पोट तसंच पुन्हा शिवून टाकलं होतं. हे काकांना ठाऊक होतं. काकूंना ठाऊक होतं की नाही, हे काकांना ठाऊक नव्हतं, आणि विचारायला जीभ रेटत नव्हती. दुसऱ्या सकाळी काकूंनीच त्यांना जवळ बोलावलं. "अहो, माझ्या बागेला पाणी घालाल ना? कॉम्प्युटरवरच्या. पाण्यावाचून वाळून जाते ती. दुकानाच्या चित्रावर टिचकी मारा, पुढचं आपोआप उघडतं."

काका जवळजवळ पळतच घरी आले. चार दिवसांत पहिल्यांदा त्यांना असं काम मिळालं होतं जे माणसाला करता येतं.

पण आपोआप काही उघडलं नाही. खेळ कॉम्प्युटरच्या पोटातच होता, पण तो जिथून आणला त्या इंटरनेटवरच्या दुकानातून गेल्याशिवाय खेळायची सोय नव्हती. आणि दुकान म्हणालं, फार दिवसांत गाठभेट नाही, ओळख पटवा. काकांनी काकूंची जन्मतारीख घातली. मग लग्नाची तारीख घातली, ती आधी चुकली, मग बरोबर घातली, तरी चुकलीच. चौथ्यांदा वारलेल्या कुत्र्याचं नाव घातलं. पाचव्यांदा, जरा लाजत, स्वतःचं. ते नाकारलं गेलं तेव्हा त्यांना वाटलं होतं त्यापेक्षा जास्त लागलं.

दुसऱ्या दिवशी भेटीच्या वेळी काकूंनी उशीखालून फोन काढला. "अहो, चोर लागलाय माझ्या मागे. कुणी अनोळखी माणूस खात्यात शिरू पाहतोय म्हणून काल एका तासात पाच निरोप आले."

काका खाटेच्या पायाचा स्क्रू निरखू लागले. "असेल कुणी भुरटा."

"भुरटाच. पण नेमका तुम्ही घरी पोचलात त्या वेळी आला. दारात कुणी दिसलं का तुम्हाला?"

"नाही बुवा."

"बरं. बागेला पाणी घातलंत?"

"घातलं तर. घटाघटा प्यायली."

काकूंनी डोळे मिटून घेतले. समाधानाने मिटले की दुखलं म्हणून, हे काकांना चेहऱ्यावरून कळलं नाही. मग त्या डोळे मिटूनच म्हणाल्या की धाकटीला सांगून पासवर्डच बदलून टाकते, म्हणजे चोराची कटकट नको. संध्याकाळी तो बदललासुद्धा. आता अंदाज बांधायचीही सोय उरली नाही.

काका गेले साडूभाऊंकडे. साडूभाऊ म्हणजे त्या धाकट्या बहिणीचा नवरा. आयुष्यभर टपालकचेरीत शिक्के मारले आणि निवृत्त झाल्यावर एका आठवड्यात कॉम्प्युटरचे जाणकार झाले. नवा पासवर्ड बायकोला विचारून सांगतो, असं ते म्हणाले, तेव्हा काकांनी त्यांचे हातच धरले. धाकटीच्या कानावर गेलेली गोष्ट चहा निवायच्या आत ताईच्या कानावर जायची. आणि जिचे दिवस थोडेच उरलेत, त्या बाईला बाग तहानलेली आहे हे कळू द्यायचं नव्हतं.

काकांच्या घरी येऊन साडूभाऊंनी बाह्या दुमडल्या. त्यांनी एकातून एक फोल्डर उघडत नेले, आणि शेवटी एका फोल्डरात एक एवढंसं हिरवं पान निघालं.

"हा खुद्द खेळ," ते म्हणाले. "दुकानात जायचंच कशाला? ह्याच्यावर दोनदा टिचकी मारा."

"आणि कुलूप?"

"कुलूप दुकानाला आहे. खेळाला कुठाय?"

काकांच्या अंगावर शहारा आला. असली घरं त्यांनी खूप पाहिली होती. पुढच्या दाराला तीन कड्या, आणि मागचं दार नुसतं लोटलेलं. त्यांनी दोनदा टिचकी मारली. पडदा काळा झाला, मग हळूहळू उजाडला, पाखरं बोलली, आणि समोर दिसली ती काळीभोर, रिकामी जमीन. झाड नाही, पान नाही. कोपऱ्यात एक झारी, आणि वर पाटी: नव्या माळ्याचं स्वागत असो.

"वाळून गेली," काका म्हणाले.

साडूभाऊंनी डोकं खाजवलं. वाळलेली नाही, ते म्हणाले. ताईंची बाग ताईंच्या नावावर दुकानात असणार; आपण दुकानाला वळसा घालून आलो, म्हणून खेळ आपल्याला ओळखत नाही. त्याने कोरी जमीन दिली. ह्यावर उपाय नाही, असंही त्यांनी जाणकारीने सांगितलं आणि चहाची वाट पाहू लागले.

पण उपाय नाही हे वाक्य काकांनी त्या आठवड्यात एकदा ऐकलेलं होतं आणि दुसऱ्यांदा ऐकायची त्यांची तयारी नव्हती. ते पडद्याकडे बघत राहिले. कोरी जमीन त्यांना कोऱ्या किल्लीसारखी दिसू लागली. कोऱ्या किल्लीचं काय करतात हे त्यांना कुणी शिकवायला नको होतं. मूळ किल्ली शेजारी धरायची, आणि तिच्या अंगावरचा एकेक खड्डा हिच्या अंगावर उतरवायचा.

मूळ किल्ली इस्पितळात होती.

दुसऱ्या दिवशी काकांनी दुकान बंद ठेवलं, स्वतःचं, कुलपांचं. भेटीच्या वेळी ते वही घेऊन गेले आणि सहज विचारल्यासारखं विचारलं, की फाटकापाशी ते कोणतं झाड गं, मला नाव आठवेना. काकूंनी त्यांच्याकडे जरा वेळ पाहिलं. मग छताकडे पाहत सांगायला लागल्या, आणि सांगताना त्यांच्या आवाजाला एक झोका आला, पाळणा हलवावा तसा. फाटकापाशी लिंबू. लिंबाखाली ओट्याएवढी सावली. सावलीत मोगरा, मोगऱ्याला वेढून गोकर्ण, गोकर्णाच्या पलीकडे सूर्यफुलांची रांग, एक उंच एक बुटकं, बहिणी बहिणी उभ्या असाव्यात तशी. काका खाली मान घालून लिहून घेत होते. नक्कल करायची तर दोषही हवेत, म्हणून त्यांनी खोडीही विचारल्या. काकूंनी त्याही सांगितल्या. तिसरा गुलाब रुसका आहे, कळी धरतो आणि फुलत नाही. शेळी आहे, ती वाटाण्याच्या वेलीवर टपून असते.

काका घरी येऊन ते सगळं लावत बसत. खेळातला दिवस पंधरा मिनिटांत मावळायचा, तरी लिंबू वाढवायला त्यांना खरे तीन दिवस लागले. रुसका गुलाब तर जमेचना. खेळातले सगळे गुलाब निमूटपणे फुलत होते. शेवटी काकांनी तिसऱ्या गुलाबाला मुद्दाम पाणी तोडलं आणि तो सुकायला लागला की घाईने एक घोट पाजला, असं करत त्याला जेमतेम नाराज अवस्थेत टिकवलं. शेळीने वाटाणा दोनदा खाल्ला. दुकानापुढे कुलूप अडलेली माणसं ताटकळत होती. एक बाई तर घराबाहेर राहिली म्हणून दुपारभर पायरीवर बसली. काकांनी फोनवर तिला सांगितलं की बागेचं काम चालू आहे.

अकरा दिवस हे चाललं. दर दिवशी काकूंचा चेहरा आणखी लहान झालेला असे आणि बाग आणखी मोठी. आदल्या दिवशी जिथे मोगरा होता तिथे आज भोपळा निघे, आणि काका घरी येऊन मुकाट्याने मोगरा उपटून भोपळा लावत. काकू विसरायला लागल्या, त्यांना वाटे, आणि उपटताना त्यांचे हात जड होत.

बाराव्या दिवशी डॉक्टर म्हणाले, घरी घेऊन जा. असं म्हणताना ते काकांच्या खांद्यावर हात ठेवायला विसरले नाहीत, म्हणून काकांना सगळं कळलं.

घरी काकूंना उशा लावून टेबलाशीच बसवलं. बाग दाखवायची वेळ आली. काका हिरव्या पानाकडे वळणार, तेवढ्यात साडूभाऊ छाती पुढे काढून आत आले. त्यांनी धाकटीकडून नवा पासवर्ड काढून आणला होता. आता ताई घरीच आहेत, लपवाछपवी संपली, म्हणून हे पुण्यकर्म. काकांनी डोळे वटारले, खाकरून पाहिलं, पायावर पाय दिला. साडूभाऊंनी पाय बाजूला घेतला आणि पासवर्ड टाकला. दुकान उघडलं. खरी बाग आली.

गुडघाभर तण होतं. तणात एक वाळकं झाड होतं, फांद्या वर करून उभं. एक मोडकं फाटक. शेळी नव्हतीच. खेळातली पाखरं तेवढी, कसला राग नसल्यासारखी, बोलत होती.

मग काका खाली बसले, काकूंच्या खुर्चीपाशी, जमिनीवर. "मी घातलंच नाही पाणी," ते म्हणाले. "दार उघडता आलं नाही मला. अकरा दिवस खोटं बोललो. तुझी बाग मी मारली."

काकूंचा हात त्यांच्या डोक्यावर आला. तो आता झाडाच्या काटकीइतकाच जड होता.

"वर बघा जरा," त्या म्हणाल्या. "कोपऱ्यात काय लिहिलंय दुकानाने?"

कोपऱ्यात लिहिलं होतं: मागचा खेळ, आठ महिन्यांपूर्वी.

"कंटाळा आला होता मला ह्या खेळाचा. दोन दिवस खेळले, सोडून दिला."

"मग पाणी घाला म्हणून..."

"तुम्ही काय करत होतात त्या सकाळी? नर्सबाईंच्या औषधाच्या कपाटाचं कुलूप खोलून माझ्या पायाशी मांडून बसला होतात. सगळा वॉर्ड गोळ्यांवाचून खोळंबला. नर्सबाई म्हणाल्या, ह्यांना कुठेतरी कामाला लावा, नाहीतर मी लावते. मला दुसरं काही सुचलं नाही."

"आणि ते लिंबू? रुसका गुलाब?"

"तुम्ही वही घेऊन बसायचात. काहीतरी सांगायला नको का? मोगरा कुठे सांगितला तेच दुसऱ्या दिवशी आठवायचं नाही मला."

साडूभाऊ घसा साफ करून म्हणाले की चहा मीच करतो, आणि आत गेले. बराच वेळ भांड्याचा आवाज आला नाही.

"ते बंद करा," काकू म्हणाल्या. "तुमची उघडा."

काकांनी दुकान बंद केलं, फोल्डर उघडले, पानावर दोनदा टिचकी मारली. उजाडलं. लिंबू, सावली, सूर्यफुलांची रांग. शेळी वाटाण्याकडे बघत होती. काकू पुढे झुकल्या आणि इतका वेळ बघत राहिल्या की काकांना भीती वाटली. मग त्यांनी विचारलं, "विहीर इथे कुणी घातली?"

"मी. तू विहिरीचं काही बोलली नाहीस."

"डावीकडे घ्या. फाटकातून येणाऱ्याला आधी पाणी दिसलं पाहिजे."

"डावीकडे उतार आहे. तिथे बरी नाही दिसणार."

"बाग कुणाची?"

"लावली कुणी?"

ह्या प्रश्नावर ते एकोणीस दिवस भांडले. रोज दुपारी औषधाचा अंमल असेपर्यंत काकू उशांना टेकून हुकूम सोडत आणि काका टिचकीने राबत. रांगेतली सूर्यफुलं त्यांनी चारदा हलवली. तिसऱ्या गुलाबाला काकूंनी पोटभर पाणी घालायला लावलं. विहिरीवर मात्र काका अडून बसले, कारण त्यांचं बरोबर होतं. दुकानाला ह्यातलं काही कळत नव्हतं. मागच्या दाराने येणाऱ्यांची त्याच्याकडे नोंद नसते. त्याच्या लेखी साडूभाऊंच्या त्या एका फेरीनंतर तिथे कुणी फिरकलंच नव्हतं. विसाव्या दिवशी त्याने काकूंच्या फोनवर निरोपही पाठवला, की फार दिवसांत गाठभेट नाही, सगळं ठीक आहे ना.

त्या दिवशी घरात खूप माणसं होती. ती पांगल्यावर, पुढच्या आठवड्यात कधीतरी, काकांनी दुकानाच्या चित्राकडे न बघता फोल्डर उघडले. झारी भरली. लिंबाला, गुलाबांना, वेलीला पाणी घातलं, शेळीला दटावलं. मग विहीर उचलली आणि डावीकडे नेऊन ठेवली. मागे सरकून नीट पाहिलं.

डावीकडे ती वाईटच दिसत होती. काकांनी ती तशीच राहू दिली.