जप्तीची वाळू

सकाळी तहसीलचं कुलूप निघालं की हरसिंगकाका आवारातल्या जप्त ट्रॉलीवर चढत. कपाशीच्या पऱ्हाटीची काडी वाळूत खुपसत, किती बुडाली ते बोटांनी मोजत आणि खाली उतरून माझ्या टेबलाशी येत. "लिवा वकीलसायेब, आज दोन बोटं कमी."

मी वकील नाही. गेटापाशी लिंबाखाली बसून लोकांचे अर्ज लिहितो. हे काकांना दहादा सांगून झालं. "कागद काळे करता नव्हं? मंग वकीलच," असं म्हणून ते विषय संपवत. त्यांच्या बोटांसाठी मी एक वहीच घातली होती.

ट्रॅक्टर त्यांचा, ट्रॉलीही त्यांचीच. वारंगा फाट्याजवळच्या तांड्यावरून ते कयाधू नदीवर गेले, वाळूची एक ट्रॉली भरली आणि परतताना पकडले गेले. पावती नव्हती. ते त्यांनी कधी नाकारलंही नाही. त्यांच्या विधवा लेकीला घरकुल मंजूर झालं होतं आणि वाळू फुकट मिळेल असं सरकारनेच कागदावर छापून दिलं होतं. कागद आला, वाळू काही आली नाही. लेक दोन लेकरं घेऊन पत्र्याच्या आडोशाला राहत होती. काकांना वाटलं, आपल्याच नावची आहे, आपणच आणू.

जप्तीविरुद्धच्या अपिलात मी एक नेमका मुद्दा घातला होता. जप्त गाडी अठ्ठेचाळीस तासांत उपजिल्हाधिकाऱ्यांपुढे हजर करावी लागते. ही महिनाभर कुणापुढेच गेली नव्हती. पण काकांना त्यात गोडी नव्हती. त्यांचा मुद्दा वेगळा. "म्या नदीची वाळू नेली, माझी गाडी धरली. बराबर. आता सरकारच्या ताब्यातली वाळू कमी होऊन राहिली. त्या चोराची गाडी काहून धरत न्हाईत?"

हा प्रश्न ते शिपायाला विचारत, नायब तहसीलदारांना विचारत. एकदा झेंडावंदनाला आलेल्या पाहुण्यांनाही विचारला. लोक हसत. मीही हसे. कचेरीच्या संडासाची दुरुस्ती त्याच वाळूत झाली, एका कारकुनाच्या पाण्याच्या टाकीचं कामही.

आता खरं सांगतो. एका रविवारी दोन गोण्या मीही नेल्या. सोमवारी काका म्हणाले, "लिवा, चार बोटं कमी." मी माझ्याच हाताने लिहिलं आणि खाली तारीख टाकली. इतका मी निर्लज्ज.

सुनावणीला अपिलाच्या साहेबांनी ती वही चाळली. "वाळू कोण नेतं, माहीत आहे तुम्हाला?" त्यांनी काकांना विचारलं.

मी अपिलाची पानं उगाच सरळ करू लागलो.

"म्हाईत हाय सायेब. पर नाव न्हाई सांगत."

साहेब वैतागले. तरी अठ्ठेचाळीस तासांवर आम्ही जिंकलो. गाडी सोडण्याचा आदेश निघाला. वाळूबद्दल त्यात अवाक्षर नव्हतं.

काका गाडी न्यायला आले तेव्हा ट्रॉलीच्या तळाशी ओंजळभर वाळू उरली होती. मला राहवलं नाही. "काका, मला वाळू नेताना पाहिलं होतं तुम्ही?"

"व्हय. रविवारी बी येत होतो मी."

"मग साहेबांपुढे बोलला का नाहीत?"

"तुमची माय फुटक्या पायरीवरून पडली व्हती नव्हं? तिथंच लागली ना वाळू?" ते म्हणाले. "लागू द्या. घरालाच आणली व्हती."

मला मान वर करता येईना. काकांनी ट्रॅक्टर सुरू केला, मग बंद केला आणि उतरून पुन्हा टेबलाशी आले.

"वकीलसायेब, केस जिकली म्हून लेक सकाळपसून घमेलं घेऊन बसली हाय. रिकामी ट्रॉली पाहून तिला काय सांगू, तेवढं लिवून द्या."

मी कागद पुढे ओढला. वर तारीख तेवढी टाकली.